तीन बोटं उभी

माझ्या नवऱ्याचं तोंड तीन बोटं उघडतं असं मी सांगितलं, तेव्हा ते दीड बोट उघडत होतं. मला ते माहीत होतं. मला कमी दिसत नव्हतं आणि कुणी धमकावलंही नव्हतं. आम्ही सगळे हसत होतो, आणि हसता हसता मी तीन म्हटलं. त्यानंतर दहा महिन्यांच्या आत तो मेला.

आमचं गाव चंद्रपूर जिल्ह्यात, सावली गावाच्या पुढे, वैनगंगेच्या अंगाला आहे. धानाची शेती, आणि गावाला लागून मोठा तलाव. आमच्या घरचे पुरुष तलावात मासे धरतात, बायका विकतात. रोवण्याच्या, म्हणजे भातलावणीच्या दिवसांत सगळेच दुसऱ्याच्या बांधीत, धानाच्या वाफ्यात, वाकलेले असतात. एकुलता मुलगा मोहर्लीला एका रिसॉर्टच्या स्वयंपाकघरात आहे, सुट्टी मिळाली तर येतो. घरी आम्ही दोघंच. भिंतीला भिंत लागून माझ्या सगळ्यात धाकट्या दिराचं घर. त्याची बायको, म्हणजे माझी धाकटी जाऊ, गावाची आशाबाई आहे. गरोदर बायकांना दवाखान्यात नेणं, पोरांना लस द्यायला लावणं, तापाच्या माणसाचं रक्त काचेवर घेणं, ही तिची कामं.

आमच्याकडे सरकारचं बोलणं गाडीवरून येतं. वर भोंगा बांधलेली जीप गावातून फिरते आणि आत कुणाचा तरी भरलेला आवाज सांगत राहतो. जंगलात एकटं जाऊ नका. मच्छरदाणी लावा, ती मासे धरायला वापरू नका. हात धुवा. तंबाखू सोडा. आवाज नेहमी एकाच माणसाचा असावा असं वाटे. वाघाचं तेवढं लोक ऐकत, कारण मोहफुलं वेचायला गेलेल्या एका बाईला त्यानं नेलं होतं आणि तिची टोपली आम्ही सगळ्यांनी पाहिली होती. बाकीचं कानावरून जाई. गाडी वळणावरून गेली की हातपंपावरच्या बाया आपलं अर्धं राहिलेलं बोलणं पुढे सुरू करत.

मग टीव्हीवर तो माणूस आला. शनिवारी-रविवारी संध्याकाळी एक हसण्याचा कार्यक्रम लागतो, त्यात एक बारकासा नट होता. तो सरकारी डॉक्टर व्हायचा. पांढरा कोट घोट्यापर्यंत, कपाळाला नाड्यानं बांधलेली बॅटरी, आणि आवाज अगदी त्या जीपमधल्यासारखा. तोंडातून पहिला शब्द निघाला की आम्ही हसायला लागायचो. कोरोनाच्या दिवसांत फोन लावला की आधी सूचना ऐकावी लागे, त्याचं त्यानं एक केलं होतं. एका माणसाच्या घराला आग लागते, तो मदतीला फोन करतो, आणि फोनमधून डॉक्टर सांगत राहतो की हात कसे धुवावे, आधी तळवे, मग बोटांच्या बेचक्या, मग नखं. सूचना संपते तोवर घर जळून जातं. माणूस म्हणतो, साहेब, घर गेलं. डॉक्टर म्हणतो, हात तर स्वच्छ आहेत ना. त्या महिन्यात आमच्या गल्लीतली दोन माणसं गेली होती. तरी आम्ही पोट धरून हसलो. हसू नये असं कुणालाही वाटलं नाही, मलाही नाही.

खर्ऱ्याचं त्यानं केलं ते नंतर, त्याच्या पुढच्या वर्षी.

खर्रा म्हणजे काय हे आमच्याकडे सांगावं लागत नाही, पण बाहेरच्यांसाठी सांगते. सुपारी बारीक कातरायची, तंबाखू आणि चुना टाकायचा, सगळं प्लास्टिकच्या पन्नीत गुंडाळून फळीवर तळहातानं घासत राहायचं. याला घोटणं म्हणतात. घोटता घोटता ते ओलसर आणि काळपट होतं. आमच्याकडे पाहुण्याला पाण्याआधी खर्रा देतात. मुलगी पाहायला आलेल्यांना देतात, मयतीला आलेल्यांना देतात. माझ्या नवऱ्याचा खर्रा मीच घोटायची. पहाटे तो जाळं घेऊन निघण्याआधी दोन पुड्या तयार हव्यात. तलावात कमरेएवढ्या पाण्यात चार तास उभं राहायचं, तोंडात काही नसलं तर माणूस गारठतो, असं त्याचं म्हणणं. मलाही ते पटे. मी स्वतः सकाळी दातांना तंबाखू घासते. तेव्हा मी कुणाला शिकवण्यात अर्थ नव्हता.

तर त्या नटानं केलं ते असं. डॉक्टर गावात येतो आणि टेबल मांडून बसतो. जड आवाजात म्हणतो, “तोंड उघडा, देश बघतो आहे.” समोर एक जाडा पेशंट, गालात खर्रा. डॉक्टर सांगतो, तोंडात तीन बोटं उभी गेली पाहिजेत, एकावर एक. गेली तर तोंड चांगलं. पेशंटची एक जात नाही. तो बायकोची बोटं घालून पाहतो, बारकी आहेत म्हणून. मग डॉक्टरचीच धरून घालतो आणि चावतो. शेवटी त्याला युक्ती सुचते. तो तीन बोटं आडवी करतो, भाकरी सरकवावी तशी सपाट, आणि ती फटीतून आत जातात. डॉक्टर उठून उभा राहतो, टाळ्या वाजवतो, पेशंटच्या कपाळावर शिक्का मारतो आणि ओरडतो, “पास!” खाली पाटी येते, जनहितार्थ.

हे इतकं चाललं की गावात दोन महिने दुसरं काही नव्हतं. तलावाच्या पाळीवर माणसं एकमेकांच्या कपाळावर मूठ मारून पास करत. एका लग्नात नवरदेवाला पंगतीत पास केला. माझा नवरा तर त्या नटाचा आवाज हुबेहूब काढायचा. तो तसा बोलका माणूस नव्हता, घरात तर नव्हताच. पण हे एक त्याला जमलं होतं. लोक त्याला मुद्दाम बोलावून करायला लावत. माशांच्या टोपलीवर उभा राहून तो म्हणायचा, तोंड उघडा, देश बघतो आहे, आणि पाळीवरची माणसं खाली बसून हसायची.

त्याचं स्वतःचं तोंड उघडत नाही हे मला त्याआधीच कळलं होतं. रांधणाऱ्या बाईला ते पहिलं कळतं. आधी त्यानं मिरची सोडली. माझ्या हाताचं तिखट वाढलं म्हणून मला बोलला. मग भाताचा घास बारीक झाला. मग तो भात मऊ मागायला लागला, मग पेज. भाकरी चहात बुडवायला लागला. मासा खाताना काटा जिभेनं बाहेर काढायचा तर जीभच बाहेर येईना, म्हणून मी काटे काढून द्यायला लागले. विचारलं तर म्हणायचा दात दुखतात. एकदा तो जांभई देताना मी पाहिलं. जांभई अर्ध्यात अडकली. गालाची आतली बाजू पांढरी दिसली, उकडलेल्या अंड्यासारखी.

मी काही केलं नाही. दोन पुड्या घोटून दिल्या.

आषाढात, रोवणे ऐन भरात असताना, आशाबायांना वरून काम आलं की घरोघर जाऊन मोठ्या माणसांची तोंडं तपासा. तीन बोटं उभी घालायला लावायची, किती जातात ते रजिस्टरात लिहायचं, तीनपेक्षा कमी असेल त्याला सावलीच्या दवाखान्यात पाठवायचं. म्हणजे टीव्हीवर जे चाललं होतं तेच, खरोखरचं. माझी जाऊ ज्या घरी जाई तिथं लोक आधीच हसत बसलेले असत. कुणी तिला शिक्का विचारी, कुणी कोट कुठं म्हणून विचारी. ती चिडत नसे. तिनंही तो कार्यक्रम पाहिलेला होता. ती म्हणायची, हसा, पण उघडा. बरेच जण उघडायचे.

आमचं घर तिनं शेवटी ठेवलं. कारण माझा नवरा तिचा भासरा लागे, नवऱ्याचा मोठा भाऊ. आमच्याकडे धाकटी सून भासऱ्यासमोर येत नाही. तो ओसरीवर असला तर ती मागच्या दारानं जाते. त्याच्याशी बोलत नाही, त्याच्या खाटेवर बसत नाही, त्याला शिवत नाही. त्यानंही तिचं तोंड पाहायचं नसतं. तिला काही सांगायचं असलं तर तो मला सांगतो, मी तिला सांगते, ती तिथंच चार हातांवर उभी असली तरी. वीस वर्षांत या दोघांनी एकमेकांशी एक शब्द बोललेला नव्हता. शेजारी राहून, एकाच अंगणातून जाऊन-येऊन. साऱ्या गावाच्या तोंडात बघायचा हुकूम तिला होता, आणि या एका तोंडात तिला बघता येत नव्हतं.

ती दाराबाहेर उभी राहिली. डोक्यावर पदर, तोंड अंगणाकडे, हातात रजिस्टर.

“बाई,” ती मला म्हणाली, “मी कशी पाहू जी. तुमीच पाहा नं. तीन बोटं उभी घालाले सांगा, अन् किती गेली ते मले सांगा.”

नवरा खाटेवर बसला होता. पावसानं उघडीप दिली होती म्हणून शेजारचे चार जण ओसरीवर खर्रा खात टेकले होते. त्याला संधी मिळाली. त्यानं खुंटीवरची बॅटरी घेतली, माझ्या लुगड्याच्या चिंधीनं कपाळाला बांधली, आणि त्या नटाचा आवाज काढला. ओसरीवरचे आधीच हसायला लागले. त्यानं तीन बोटं सगळ्यांना दाखवली, वर धरून, देवाला दाखवावीत तशी. मग आडवी केली आणि तोंडात सरकवली. तशीही ती नीट गेली नाहीत. मधल्या बोटाचं पेर दातांत अडकलं आणि त्यानं ढकललं. मी दोन हातांवर होते. त्याच्या डोळ्यांत पाणी आलेलं मी पाहिलं. ओसरीवरच्यांना ते हसण्याचं वाटलं.

बाहेरून जावेनं विचारलं, “किती बाई?”

“तीन,” मी म्हटलं. आणि वर म्हटलं, “पास.”

ओसरीवर एकच हशा झाला. जाऊही पदरात हसली. मला तिची पाठ दिसत होती, ती हलत होती. तिनं लिहून घेतलं आणि गेली.

मी असं का केलं हे मला पुष्कळांनी विचारलेलं नाही, कारण पुष्कळांना माहीत नाही. मी स्वतःला विचारलं आहे. एक तर हसणारं घर मोडायला जीभ वळली नाही. तो कितीतरी महिन्यांनी घरात हसत होता. दुसरं, मी दीड म्हटलं असतं तर सावली, मग चंद्रपूर, मग आणखी कुठं, आणि रोवणे चालू होते. मला कामं होती. तिसरं खरं कारण असं की मला भीती वाटत होती, आणि त्या नटानं भीतीचं हसं करून दिलं होतं, ते मी घेतलं. नटाचा दोष नाही. त्यानं सोंग केलं. तपासणारी मी होते.

त्यानंतर घरात एक नवीनच सुरू झालं. मी काही म्हटलं की तो म्हणायचा, “मी पास हाये नं वो. तूच तं केली.” पेज गिळताना घशाशी अडली तरी तेच. बाभळीच्या सालीच्या काढ्यानं चुळा भरायचा, तुरटी लावायचा. दिवाळी आली तोवर गालाच्या आत जखम झाली होती, ती भरत नव्हती. आवाज काढणं बंद झालं. लोक पाळीवर म्हणत, करून दाखवा जी भाऊ, तर तो जाळ्याच्या गाठी सोडत बसे. मग जबड्याखाली गाठ आली, आवळ्याएवढी. मग वास. मी माझी खाट ओसरीवर काढली. थंडीत बाहेर झोपता म्हणून शेजारीण बोलली, तर मी म्हटलं मला आत गुदमरतं.

मार्गशीर्षात एका सकाळी हातपंपावर मी आणि जाऊ दोघीच होतो. तिनं आपली बादली भरली नाही, तशीच दांड्यावर हात ठेवून उभी राहिली.

“बाई, त्याईले जेवाले येते का?”

मी म्हटलं, पेज घेतात.

“पेज कवापासून?”

“झाले दिवस.”

“तोंड किती उघडते?”

मी सांगितलं. आता एक बोट. तेव्हा दीड होतं.

“तवा तुमी तीन सांगतलं, बाई.”

“सांगतलं.”

तिनं दांडा सोडला. बादली तिथंच टाकून घरी गेली. मला वाटलं रागानं गेली. मी माझा हंडा भरून घरी पोचते तर ती माझ्या दारात उभी. एका हातात बॅटरी, दुसऱ्या हातात दवाखान्यातून मिळालेले पातळ हातमोजे. पदर खांद्यावर.

वीस वर्षांत पहिल्यांदा ती पुढच्या दारानं आत आली. नवरा खाटेवर होता. त्यानं तिला पाहिलं आणि घोंगडी तोंडावर ओढली. घोंगडीतून मला म्हणाला, “तिले म्हण, जा म्हणा.”

मी म्हटलं, “जा म्हणते.”

ती गेली नाही. खाटेच्या काठावर बसली. माझ्या मागोमाग दोन शेजारणी अंगणात आल्या होत्या, त्यांनी ते पाहिलं. ती घोंगडीकडे वाकून म्हणाली, “भाऊ, तोंड उघडा.”

अंगणातली एक शेजारीण फिसकन हसली. तिचा काही वाईट हेतू नव्हता. ते शब्दच असे झाले होते की ऐकले की हसू यायचं, शिंक यावी तसं. तिनं लगेच तोंडावर पदर धरला. घोंगडीखाली माझा नवराही हलला. हसला की काय झालं, मला कळलं नाही.

जाऊ तशीच बसून राहिली. बऱ्याच वेळानं त्यानं घोंगडी खाली केली आणि डोळे मिटून घेतले, तिचं तोंड दिसू नये म्हणून. तोंड उघडलं. जेवढं उघडत होतं तेवढं. तिनं बॅटरी धरली, गाल बाजूला केला, बोट आत घातलं. त्यानं खाटेची दोरी मुठीत धरली होती. ती पुष्कळ वेळ पाहत होती. मग उठली, मोजे काढले, अंगणात जाऊन बादलीतल्या पाण्यानं हात धुतले, आणि तुळशीच्या ओट्याला टेकून खाली बसली.

मी विचारलं, काय आहे.

“उद्या चंद्रपूरले जाऊ,” ती म्हणाली. “सावलीले नाई. सिदं चंद्रपूर.”

त्या दिवसापासून गावात बोलणं सुरू झालं की धाकटी सून भासऱ्याच्या खाटेवर बसली. तोंडात काय आहे हे कुणी विचारलं नाही.

चंद्रपूरच्या दवाखान्यात गालातल्या मांसाचा तुकडा काढून तपासायला घेतला. आठ-दहा दिवसांनी पुन्हा बोलावलं. दोन्ही वेळा जाऊ बरोबर होती. तिला तिथली दारं आणि ओळी माहीत होत्या, मला एकटीला काही समजलं नसतं. डॉक्टरीण तरुण होती. कागद पाहिला, गाठ दाबून पाहिली, आणि म्हणाली की हे गालातून जबड्यात गेलं आहे, नागपूरला न्यावं लागेल. मग तिनं विचारलं की गावात तोंडाची तपासणी झालीच असेल, पावसाळ्यात सगळीकडे झाली, तेव्हा कसं लक्षात आलं नाही. पाच महिन्यांपूर्वी आला असता तर वेगळं होतं.

मी समोरच उभी होते. माझ्याकडे तिनं पाहिलंही नाही. आशाबाई कोण आहे म्हणून विचारलं.

“मी हाव,” जाऊ म्हणाली. “तपासलं होतं मॅडम. तीन लिवलं मी.”

डॉक्टरीण तिला पुष्कळ बोलली. ओरडली नाही, हळूच बोलली, ते जास्त लागतं. नीट पाहायला नको का, तुमच्यावर विसंबून आम्ही इथं बसतो, घरातलाच माणूस आहे ना. जाऊ मान खाली घालून हो मॅडम, हो मॅडम म्हणत राहिली.  माझ्या हातात पिशवी होती, तिचा बंद मी बोटाला गुंडाळत होते आणि सोडत होते.

परतीची एसटी मूलमार्गे होती. नवरा खिडकीशी, मी त्याच्याजवळ, आणि जाऊ आमच्या मागच्या बाकावर, कारण त्याच्या बाकावर तिला बसता येत नव्हतं. गावात ते सगळं मोडलं असलं तरी बसमध्ये ती आपोआप मागे गेली. मूल गाव मागे पडलं, दोन्हीकडे जंगल लागलं. तेवढ्यात नवरा बोलला. तेव्हा त्याचं बोलणं दातांच्या आतूनच यायचं, पण मला समजे. डॉक्टरणीसमोर तो खुर्चीत बसून सगळं ऐकत होता हे मी विसरले होते.

“तिले सांग,” तो म्हणाला, “तिची चूक नाई म्हणा. आडवी बोटं माही होती. तीन तुहे होते. दोनी सांग.”

जावेचं तोंड आमच्या डोक्यांपासून एका हातावर होतं. तिला ऐकू गेलं होतं. पण रीत अशी की मी सांगायचं. मी मागे वळले.

“म्हणते, तुही चूक नाई,” मी म्हटलं. “म्हणते, चूक त्याची हाये.”

तिनं माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, “आयकलं बाई.”

नवऱ्यानं माझ्याकडे मान वळवली आणि पुन्हा खिडकीकडे केली. 

नागपूरला मुलगा घेऊन गेला. तिथं सांगितलं की अर्धा जबडा काढावा लागेल आणि काढूनही खात्री नाही. नवरा नको म्हणाला. किरणांचे शेक दिले, त्यानं तोंड आतून भाजलं. मग नाकातून नळी घालून घरी पाठवलं. पेज गाळून, पिचकारीत भरून नळीतून द्यायची, दिवसातून सहा वेळा. पिचकारीवरच्या रेघा मला वाचता येत नव्हत्या. एकदा जोरानं दाबलं तर त्याला ठसका लागून तो निळा पडला. तेव्हापासून ते काम जाऊ करायला लागली. रोज सहा वेळा, माघ, फाल्गुन, चैत्र. डोक्यावर पदर घेऊन पेज द्यायची. त्याचं तोंड पुसायची, जखमेतले किडे चिमट्यानं काढायची. तो डोळे मिटून घ्यायचा. ते दोघं तेव्हाही बोलत नव्हते. त्याचं बोलणं तर संपलंच होतं. तिला काही सांगायचं असलं तर ती मला सांगायची, बाई, कूस बदला म्हणा. मी सांगायची. तो बदलायचा.

टीव्ही चालू असायचा, त्याला आवाज लागे. तो नटही कधी कधी यायचा, आता दुसरंच काही करायचा, बीपीच्या गोळ्यांचं. मी कळ दाबली नाही. नवराही पाहायचा. आम्ही तिघं पाहायचो.

चैत्राच्या शेवटी, दुपारी, तो गेला. तीनची पेज द्यायला जाऊ आली, पिचकारी भरली, आणि नळीला लावलीच नाही. त्याच्या नाकाशी हात धरला. मग पिचकारी वाटीत रिकामी केली.

बाया जमल्या. आमच्यातली म्हातारी माणसं आली. अंघोळ घालायची म्हणून पाणी चुलीवर चढवलं. रीतीप्रमाणे धाकट्या सुनेनं भासऱ्याच्या मढ्याला हात लावायचा नसतो, समोर बसायचंही नसतं. एक म्हातारी चुलत सासू जावेला म्हणाली, बाई, तू तिकडच्या घरात जाऊन बस. आधीच पुष्कळ झालं. तिच्या पुष्कळमध्ये काय होतं ते सगळ्यांना कळलं. कुणीतरी हेही म्हणालं की शिवाशिव झाली तिथूनच हे वाढलं.

जाऊ उठायला लागली.

मी म्हटलं, “ती इथीच बसन.” मग त्या म्हातारीकडे पाहून म्हटलं, “त्याचं तोंड मी पाह्यलं होतं पावसाळ्यात. हिनं नाई. दीड होतं, मी तीन सांगतलं. हिले खोटं सांगतलं मी. चंद्रपूरले हिनं आपल्यावर घेतलं, तवाबी मी चूप राह्यली.”

 मला वाटलं कुणी काही बोलेल, शिव्या देईल. म्हातारी म्हणाली, “असू दे बाई. आता कायले.” आणि दुसरीला विचारलं की तिरडीला बांबू कुणी आणायला गेलं का.

जाऊ माझ्या नवऱ्याच्या पायाशी बसली होती. तिनं मान वर केली नाही. त्याच्या नाकातली नळी अजून तशीच होती, तिला चिकटपट्टी लावलेली होती. ती पुढं सरकली आणि पट्टी नखानं सोडवायला लागली, हळूहळू, कातडी ओढली जाऊ नये अशी.

“पाणी तापलं का पाहा, बाई,” ती मला म्हणाली.

मी उठून चुलीपाशी गेले. पाण्यात हात घालून पाहिला. आणखी दोन लाकडं लावावी लागली.